दाराची बेल आणि पलंगाखालचे पिल्लू



गृहभेटीला गेले की एक वाक्य हमखास कानी पडते. बेल वाजवावी, आतून भुंकण्याचा किंवा गुरगुरण्याचा आवाज यावा, दार किलकिले व्हावे आणि यजमानांनी हसतमुखाने सांगावे, "या डॉक्टर, या. काही करत नाही हो तो!" वसईत व्यवसाय करू लागल्याला पंचवीस वर्षे उलटून गेली. एवढ्या काळात हे वाक्य मी पापडी-निर्मळकडच्या वाड्यांतल्या ओट्यांवर ऐकले, बंगल्यांच्या फाटकांशी ऐकले आणि स्टेशनजवळच्या सोसायट्यांच्या अरुंद जिन्यांतही ऐकले. सांगणारा खोटे बोलत नसतो. त्याच्यापुढे तो कुत्रा खरोखरच काही करत नाही. प्रश्न असतो तो माझ्यापुढे, म्हणजे परक्या माणसापुढे तो काय करील याचा. आणि त्याचे उत्तर यजमानांना बहुधा ठाऊक नसते.

गुडघे, साखर, झोप आणि विसराळूपणा यांविषयी लिहिणाऱ्या या सदरात कुत्र्याचे पिल्लू कोठून आले, असे आपल्याला वाटेल. त्याला कारण आहे. ज्या घरांत आता दोनच वृद्ध माणसे उरली आहेत आणि मुले पुण्याला, दुबईला किंवा कॅनडात आहेत, अशा घरांत पिल्लू आल्याचे मी अलीकडे पुष्कळदा पाहते. कोणी ते सोबतीसाठी आणते, कोठे नातवंडांच्या हट्टापायी घेतलेले पिल्लू आजी-आजोबांकडे मागे उरते, तर कोणाला पावसात कुडकुडणारा जीव पाहवत नाही. आणि नेमकी हीच घरे अशी असतात, की जेथे परक्या माणसांची ये-जा सर्वांत जास्त. ब्युरोतून येणाऱ्या मावशी दर दोन-तीन महिन्यांनी बदलतात. रक्त तपासणीसाठी लॅबचा मुलगा येतो. व्यायाम करून घ्यायला फिजिओथेरपिस्ट, औषधे पोहोचवायला दुकानातला पोऱ्या, शिवाय सिलिंडरवाला, दूधवाला, कुरिअरवाला. धीट पिल्लाला ही चंगळ वाटते. भित्र्या पिल्लाच्या वाट्याला मात्र ते दिवसातून चार वेळा येणारे संकट असते.

एका घराची हकिकत सांगते. माणसांची नावे सांगत नाही. पिल्लाचे तेवढे सांगते. त्याचे नाव बंड्या.

काका सत्त्याहत्तर वर्षांचे, काकू बहात्तरच्या. जूनमध्ये काकू न्हाणीघरात घसरल्या, मांडीचे हाड खुब्यापाशी मोडले, शस्त्रक्रिया झाली आणि त्या वॉकर घेऊन घरी आल्या. पुढे जुलैच्या धुवाधार पावसात सोसायटीच्या मीटरखोलीत पाणी शिरले. तेथे व्यालेल्या कुत्रीच्या पिल्लांपैकी एक काकांनी टॉवेलात गुंडाळून वर आणले. पशुवैद्यांनी त्याचे वय अंदाजे दहा आठवडे ठरवले, जंताचे औषध दिले, पहिली लस टोचली. नाव बंड्या ठेवले खरे, पण धैर्य सशाचे. बेल वाजली की हा पलंगाखाली, भिंतीला पाठ लावून. पाहुणा गेल्यावरही अर्धा तास बाहेर येत नसे. भीतीने तेथेच लघवी होई. काका-काकूंपाशी मात्र तो अतिशय लाघवी होता. काकू खुर्चीवर व्यायाम करू लागल्या की त्यांच्या पायाशी येऊन बसे.

"डॉक्टर, हा माणसांना इतका का घाबरतो?" काकांनी विचारले. मी त्यावर जे सांगितले, ते आज लिहिताना संकोच वाटतो. मी म्हणाले, "सवय नाही त्याला. येईल त्याच्या मांडीवर द्या. चार माणसांनी हाताळले की भीती आपोआप मोडेल." पोहता न येणाऱ्याला विहिरीत ढकलून द्यावे, त्यातला हा प्रकार. आपण माणसांचे डॉक्टर आहोत, जनावरांचे नव्हे, याचा मला त्या क्षणी विसर पडला होता.

पुढच्या भेटीत रक्तदाब घेण्यासाठी काकूंची बाही वर केली, तेव्हा हातावर दातांच्या खुणा दिसल्या. भोवती हळद.

"हे कधी झाले?"

"झाले चार दिवस."

"मला फोन का केला नाहीत?"

काकूंनी काका स्वयंपाकघरात असल्याची खात्री करून घेतली आणि हलक्या आवाजात म्हणाल्या, "यांनाही मी ओरखडा आहे म्हणूनच सांगितले आहे. मुलाला कळले तर तो बंड्याला घरात राहू देणार नाही."

घडले होते ते असे. भाची भेटायला आली. माझ्याच सल्ल्याप्रमाणे काकांनी पिल्लाला पलंगाखालून ओढून काढले आणि काकूंच्या मांडीवर ठेवले. भाचीने कौतुकाने दोन्ही हात पुढे केले. पिल्लाला मागे सरायला जागा नव्हती. ते वळले आणि जो हात सर्वांत जवळ होता, त्याला चावले. तो हात काकूंचा होता. चूक पिल्लाची नव्हती, भाचीचीही नव्हती. ती माझी होती.

येथे थोडे थांबून डॉक्टर म्हणून जे सांगायला हवे ते सांगते. ज्येष्ठ माणसे चावा लपवतात, हे मी काकूंच्या आधीही पाहिले होते आणि नंतरही पाहिले. कारण बहुधा तेच: जनावर घराबाहेर जाईल ही धास्ती. घरातल्या तरुणांना आणि शुश्रूषा करणाऱ्यांना माझी विनंती आहे, की "पुन्हा असे झाले तर त्याला सोडून येऊ" ही धमकी त्यांना कधी देऊ नये. ती ऐकल्यावर पुढचा चावा आपल्याला कधीच कळणार नाही. आणि रेबीजच्या बाबतीत न कळणे हे जिवावरचे असते, कारण लक्षणे दिसू लागल्यावर या आजारातून माणूस वाचत नाही असेच समजावे. लस वेळेवर आणि पूर्ण घेतली, तर तो जवळजवळ निश्चित टळतो. पिल्लू लहान आहे, घरचे आहे, दात इवलेसे आहेत, यांपैकी कोणतीही गोष्ट संरक्षण देत नाही. पिल्लांनाही रेबीज होतो. पिल्लाला रेबीजची लस साधारणपणे तीन महिन्यांच्या वयाला देतात; बंड्याची अजून व्हायची होती.

चावा किंवा रक्त आलेला ओरखडा असेल, तर जखम लगेच वाहत्या पाण्याखाली साबण लावून पंधरा मिनिटे धुवावी. पंधरा म्हणजे घड्याळ लावून पंधरा. आपण एरवी हात धुतो तसे नव्हे. हळद, चुना, तिखट, तेल काही लावू नये, घट्ट पट्टी बांधू नये आणि त्याच दिवशी डॉक्टरांकडे जावे. दंडात घ्यायच्या लसीचे वेळापत्रक पहिला दिवस शून्य धरून ०, ३, ७, १४ आणि २८ असे असते. त्वचा भेदून रक्त आले असेल, तर जखमेच्या आत व भोवती इम्युनोग्लोब्युलिनही टोचावे लागते. उशीर झाला म्हणून आता काय उपयोग, असे म्हणून घरी बसू नये. उशिरा का होईना, जावेच. काकूंना त्याच दुपारी रुग्णालयात पाठवले. हृदयाच्या जुन्या दुखण्यामुळे त्यांना रक्त पातळ ठेवणारी गोळी चालू होती, त्यामुळे हातावर चांगलाच काळानिळा डाग पसरला होता. मधुमेह असेल तर अशी जखम चिघळते. थोडक्यात, तरुण माणसाच्या हातावर जो किरकोळ चावा ठरतो, तो ज्येष्ठांच्या हातावर किरकोळ नसतो. पिल्लू पुढे धडधाकट राहिले, तरी काकूंनी पाचही इंजेक्शने घेतली.

त्या संध्याकाळी मी ओळखीच्या एका पशुवैद्यांना फोन केला आणि सगळे कबूल केले. ते रागावले नाहीत. त्यांनी एवढेच विचारले, "घरी येणारी माणसे पिल्लाला पाहून काय काय करतात, सांगा बघू." मी सांगितले: वाकतात, हात पुढे करतात, डोक्यावर थोपटतात, डोळ्यांत डोळे घालून बोलतात, उचलतात. "मग आता त्यांना सांगा," ते म्हणाले, "की काहीही करू नका."

पुढचे सगळे या एका वाक्याचाच विस्तार आहे.

कुत्र्याच्या पिल्लाच्या आयुष्यात तिसऱ्या आठवड्यापासून बाराव्या-चौदाव्या आठवड्यापर्यंतचा काळ फार महत्त्वाचा असतो. या दिवसांत जे जे नजरेसमोरून निर्धास्तपणे जाते, ते त्याच्या हिशेबी जगाचा भाग बनते. जे दिसत नाही ते पुढे संशयास्पद ठरते. १९६१ मध्ये अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात पिल्लांना कुंपण घातलेल्या शेतात, माणसांचा सहवास न देता वाढवले होते. काहींना अधल्यामधल्या वयात आठवडाभर माणसांजवळ आणले, तर काहींना चौदा आठवड्यांपर्यंत आणलेच नाही. या दुसऱ्या गटातली पिल्ले नंतर माणसांना फार बिचकत आणि ती भीती सहजासहजी जाईना. बंड्याचे दहा आठवडे मीटरखोलीत, येणाऱ्याजाणाऱ्यांनी "हाड्" म्हटलेले ऐकत गेले होते. त्याने माणसांविषयी जे मत बनवले, ते त्याच्या अनुभवापुरते अगदी रास्त होते. शिवाय काही पिल्ले उपजतच बुजरी असतात. आपल्या मुलांतही एक भोकाड पसरून पाहुण्यांना घर दाखवणारे आणि एक आईच्या पदराआड लपणारे असतेच ना!

एक अडचण येथे उद्भवते. लसींचा पूर्ण क्रम संपेपर्यंत पिल्लाला बाहेर नेऊ नये, असे आपण ऐकलेले असते, आणि पार्व्हो या विषाणूने पिल्ले रक्ताचे जुलाब होऊन दगावतात हे खरेच आहे. पण लसी पूर्ण होईपर्यंत तो मोलाचा काळही संपून जातो. यावर तोड अशी, की पिल्लाला रस्त्यावर, भटक्या कुत्र्यांच्या वावराच्या जागी खाली सोडू नये. मात्र माणसे त्याच्या दृष्टीस पडू द्यावीत. खिडकीत, गॅलरीत, काखेत घेऊन जिन्याच्या कठड्याशी उभे राहावे. संध्याकाळी विरार लोकल सुटल्यावर रस्त्याने लोटणारी गर्दी दुसऱ्या मजल्यावरून पाहणे हे भित्र्या पिल्लाला उत्तम शिक्षण आहे: पुष्कळ माणसे आणि एकही आपल्याकडे येत नाही!

आता बेलविषयी. पाव्हलॉव्ह यांच्या कुत्र्यांची गोष्ट शाळेत ऐकलेली असते. ठराविक खुणेनंतर अन्न मिळत गेले की नुसत्या खुणेनेच तोंडाला पाणी सुटते. बंड्याच्या बाबतीत बेलने याच्या उलट काम केले होते. बेल म्हणजे परका माणूस, परका माणूस म्हणजे पकडापकडी. म्हणून आधी बेल स्वच्छ करून घ्यावी लागली. दिवसातून पाच-सहा वेळा काका बाहेर जाऊन स्वतःच बेल वाजवत आणि काकू खुर्चीत बसून उकडलेल्या कोंबडीचा हरभऱ्याएवढा तुकडा जमिनीवर टाकत. पाहुणा कोणी नाही, फक्त बेल आणि खाऊ. शाकाहारी घरात पनीर चालते, उकडलेले रताळे चालते. शेजाऱ्यांना आधी कल्पना द्यावी, नाहीतर काकांची स्मृती गेली अशी बातमी सोसायटीभर होते. आमच्याकडे ती झालीच.

भीती घालवण्याची ही वाट माणसांच्या वैद्यकातही जुनी आहे. मेरी कव्हर जोन्स या मानसशास्त्रज्ञ बाईंनी १९२४ मध्ये सशाला घाबरणाऱ्या पीटर नावाच्या एका लहान मुलाची हकिकत प्रसिद्ध केली. मुलगा आवडीचा खाऊ खात असताना पिंजऱ्यातला ससा लांब ठेवत आणि तो शांत आहे असे पाहूनच दर वेळी थोडा जवळ आणत. शेवटी तो मुलगा सशाला गोंजारू लागला. सशाला त्याच्या मांडीवर कोणी पहिल्या दिवशी टाकले नव्हते, हे मी पूर्वी लक्षात घ्यायला हवे होते.

पाहुण्याने करायचे ते इतकेच. आत येऊन सरळ बसावे, तेही पिल्लाकडे तोंड करून नव्हे, तर कुशीवर वळल्यासारखे. त्याच्याकडे टक लावून पाहू नये. बोलायचे ते यजमानांशी बोलावे. हात मांडीवर ठेवावेत. अधूनमधून खाऊचा तुकडा टाकावा, पण आपल्या पायाशी नव्हे. पिल्लाच्या पलीकडे, त्याच्या पाठीमागे. हे ऐकून काकांना नवल वाटले होते. जवळ बोलवायचे तर खाऊ लांब का फेकायचा? त्याचे कारण असे: हातातला खाऊ दाखवून बोलावले तर पिल्लू हावेपोटी जवळ येते आणि खाऊ संपताच आपण त्या भयंकर माणसाच्या अगदी पुढ्यात उभे आहोत हे त्याच्या ध्यानात येते. मग ते एकतर पळते, नाहीतर चावते. खाऊ लांब पडला, तर तो घ्यायला दूर जावे लागते आणि परत वळावे की नाही हे त्याचे त्याला ठरवता येते. ज्याला मागे जाता येते, तोच पुढे येण्याचे धाडस करतो.

नामदेव महाराज भाकरी पळवणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावले, ही कथा आपल्याला प्रिय आहे आणि मलाही आहे. पण भित्र्या पिल्लाच्या मागे धावू नये, वाटी तुपाची असली तरी. तुपाचे प्रमाणही कुत्र्याच्या पोटाला जपून असावे. खाण्याचा विषय निघालाच आहे म्हणून: चॉकलेट, द्राक्षे, मनुका, बेदाणे आणि कांदा कुत्र्याला कदापि देऊ नयेत. शिऱ्याच्या प्रसादातले बेदाणे आणि नाताळच्या केकमधले मनुके दोन्ही आले. आणि माझ्या चिठ्ठीवरची तापाची वा दुखण्याची गोळी अर्धी करून पिल्लाला देणारेही मला भेटले आहेत. तसे करू नये. त्या गोळ्या त्याच्या जिवावर बेतू शकतात.

पिल्लाचा कोपरा त्याचाच असू द्यावा. बंड्याला पलंगाखाली काकूंच्या जुन्या पातळाची घडी दिली आणि घरात नियम झाला, की तो आत असताना कोणी हात घालायचा नाही, झाडू घालायचा नाही, मोबाईलचा दिवा पाडायचा नाही. नवीन मावशींना कामाच्या पहिल्या दिवशी हेच आधी सांगितले. लपण्याची जागा पक्की आहे म्हटल्यावर तो अधिक लपेल असे वाटते. प्रत्यक्षात पाचव्या-सहाव्या दिवसापासून पलंगाच्या झालरीखालून एक नाक बाहेर दिसू लागले.

हात लावण्याची घाई सर्वांनाच असते. पिल्लू आपण होऊन जवळ आले, हुंगू लागले, तरी तो स्पर्शाचा परवाना नव्हे. ती केवळ चौकशी असते. काही दिवसांनी अंग सैल सोडून रेंगाळू लागले, तर डोक्यावरून नव्हे, छातीवर किंवा हनुवटीखाली दोन-तीन क्षण खाजवावे आणि हात काढून घ्यावा. आणखी हवे असेल तर ते पुढे सरकते. नको असेल तर मान वळवते, आणि तो नकार आपण निमूटपणे स्वीकारावा.

या नकाराची भाषा शिकून घेणे शुश्रूषा करणाऱ्यांच्या फार उपयोगाचे आहे. झोप आलेली नसताना जांभई, खाऊ नसताना जिभेने नाक-ओठ चाटणे, डोळ्यांचा पांढरा भाग दिसेल अशी तिरपी नजर, मागे पडलेले कान, पायांत गेलेले शेपूट, अर्धवट उचललेला पुढचा पंजा. आणि सर्वांत धोक्याचे म्हणजे एकाएकी पुतळ्यासारखे स्तब्ध होणे. "बघा, किती शहाण्यासारखा बसलाय!" असे आपण ज्याला म्हणतो, तो कित्येकदा भीतीने गोठलेला असतो. त्यानंतर येते गुरगुरणे. पुष्कळ घरांत गुरगुरल्याबद्दल वर्तमानपत्राची गुंडाळी मारतात. याइतकी उलटी शिक्षा नाही. गुरगुरणे ही त्याची सभ्यता आहे. चावण्याआधी त्याने दिलेली सूचना आहे. मारून मारून ती बंद केली, तर भीती तशीच राहते आणि सूचना तेवढी जाते. मग "कधी गुरगुरला नाही, एकदम चावला" अशी हकिकत माझ्या दवाखान्यात ऐकू येते. पिल्लू गुरगुरले तर पाहुण्याला दोन पावले मागे घ्यावे, पिल्लाला जाऊ द्यावे, आणि आपण कोठे घाई केली ते आठवावे.

माणसे वेगवेगळ्या रूपांत दाखवायला हवीत, हे काकूंच्या आधी लक्षात आले. काकांना न घाबरणारा बंड्या रेनकोट घातलेल्या काकांना घाबरला. कुत्र्याच्या लेखी हेल्मेटवाला, छत्रीवाला, दाढीवाला, टोपली घेतलेली कोळीण, पांढऱ्या झग्यातले फादर, काठी टेकत येणारे आजोबा हे सगळे निरनिराळे प्राणी असतात. लहान मुले तर त्याहून निराळी. ती किंचाळतात, धावतात आणि त्यांची तोंडे थेट पिल्लाच्या दातांच्या उंचीवर असतात. मूल आणि पिल्लू यांना मोठ्या माणसाच्या देखरेखीविना एकत्र सोडू नये. दोघांपैकी कोणीही कितीही गुणी असो. गणपतीत किंवा लग्नाच्या गर्दीत पिल्लाला माणसाळवण्याचा प्रयत्न तर मुळीच करू नये. त्या दिवशी त्याला आतल्या खोलीत, दार लावून, पंखा चालू ठेवून, चघळायला काहीतरी देऊन निजू द्यावे. एका वेळी एक माणूस, पाच-दहा मिनिटे, पुरे.

आता थोडे तोल सांभाळण्याविषयी, कारण पिल्लू चावण्यापेक्षा पायांत येऊन पाडण्याचा धोका ज्येष्ठांना अधिक वाटतो मला. भित्रे पिल्लू घाबरले की आपल्या माणसाच्या पायांत घुसते; तो माणूस वॉकरवर असेल तर पुढचे सांगायला नको. काकूंच्या खोलीच्या दाराला काकांनी गुडघ्याएवढ्या उंचीची फळी बसवली. बेल वाजली की बंड्या फळीच्या आत, दार उघडणारा बाहेर. गळपट्ट्याला लहानसे घुंगरू बांधले, म्हणजे तो कोठे आहे ते कमी ऐकू येणाऱ्या काकांना नाही तरी काकूंना कळे. रात्री न्हाणीघरापर्यंतचा मंद दिवा चालू. पिल्लाला बोलवायचे तर आधी बसायचे, मग बोलवायचे. साखळी मनगटाला गुंडाळायची नाही. आणि दार उघडायला उठताना काकू वॉकरऐवजी बंड्याला सांभाळत, ती सवय मोडायला मला पिल्लाची भीती मोडण्यापेक्षा जास्त दिवस लागले.

स्पष्टच सांगायचे, तर सत्तरी ओलांडलेल्या, तोल गेलेल्या माणसाने पिल्लू आणावे, असे मी सुचवणार नाही. सोबत हवीच असेल तर तीन-चार वर्षांचा, स्वभाव कळलेला, शांत कुत्रा बरा. पण पावसात जीव समोर तडफडत असताना हा सल्ला कोणी आठवत बसत नाही, आणि बसू नये. सांभाळणे खरोखरच झेपत नसेल, तर चांगले घर शोधून देण्यात कमीपणा नाही. रस्त्यावर सोडून येणे मात्र नको. पिल्लू दिवसदिवस खात नसेल, सतत थरथरत असेल, घरच्यांनाही अंगाला हात लावू देत नसेल किंवा त्याचे वागणे एकाएकी पालटले असेल, तर त्याला भीती म्हणून सोडून न देता पशुवैद्यांना दाखवावे. कानातले, दातातले, सांध्यातले दुखणेही असेच वागायला लावते.

बंड्याला किती दिवस लागले, असे विचाराल तर फिजिओथेरपिस्ट मुलीचा हिशेब सांगते, कारण ती आठवड्यातून तीनदा येई. पहिल्या प्रसंगानंतर तिने यायचे बंद करण्याची भाषा केली होती आणि काकूंचा पाय अजून पुरता वाकत नव्हता. तिला मी फक्त दुर्लक्ष करायला सांगितले. हे काम तिला जमण्यासारखे होते. दुसऱ्या आठवड्यात बंड्या फळीपाशी येऊन बसू लागला. चौथ्यात त्याने फळीच्या फटीतून तिची पिशवी हुंगली. मध्येच एकदा वजनी डंबेल जमिनीवर पडले आणि आठवडाभर पुन्हा पलंगाखालचा मुक्काम. ही पिछेहाट होतेच. तेव्हा पुन्हा जेथून जमत होते तेथून सुरुवात करायची. गणपती झाले, दसरा झाला. दिवाळीच्या फटाक्यांनी पुन्हा चार दिवस खाल्ले. नोव्हेंबरअखेर काकू व्यायाम करीत असताना तो तिच्या खुर्चीखाली झोपू लागला. तिने त्याला हात कधी लावला, ते तिलाही आठवत नाही. अनोळखी पुरुष आला की तो अजूनही आत जातो. जाऊ दे, त्याने सर्वांशी गळामैत्री करावी असे कोठे ठरले आहे?

डिसेंबरच्या सुट्टीत कॅनडाहून मुलगा आला. चाव्याची गोष्ट काकूंनी त्याला फोनवर आधीच सांगून टाकली होती. माझी ती अट होती. तो नाराज होता, पण आईचे चालणे पाहून पुढे काही बोलला नाही. पहिल्या संध्याकाळी त्याला जमिनीवर, भिंतीकडे अर्धे तोंड करून बसवण्यात आले. हातात वाटी, वाटीत कोंबडीचे तुकडे. बंड्या फळीमागे. मी सहज डोकावले होते. पाच मिनिटे झाली, दहा झाली. सहा फूट उंचीचा तो गृहस्थ अवघडला.

"आई, असे किती वेळ बसायचे?"

काकू खुर्चीतून म्हणाल्या, "लग्नाआधी मुलगी पाहायला गेलो होतो, तेव्हा बसला होतास ना, तसा बस. खाली मान घालून. तेव्हाही पोहे खाण्यापलीकडे तू काही केले नव्हतेस, तरी जमलेच की!"